टिळकवाडीतली रविवारची अणुभट्टीची बॅच: चिंचोके, फासे आणि 'क्रिटिकल'चा खरा अर्थ

आधीच सांगतो, मी काय शिकलेला माणूस नव्हे, उद्यमबागेत छोटं मशीन शॉप आहे, त्याच्या आधी पंधरा वर्षं फौंड्रीत काढलीत. मुलगी बारावी सायन्सला आहे आणि ही बॅच तिच्यासाठी लावली होती, खरं आठ रविवारांपैकी सात रविवार मीच मागच्या बाकावर बसून होतो, म्हणून हा रिव्ह्यू मी लिहितोय. बेळगावात, खानापुरात, निपाणीकडं ज्यांची पोरं सायन्सला आहेत त्यांनी वाचा.

बॅच लावायचं कारण असं झालं. पोरीला फिजिक्समध्ये न्यूक्लियसचा धडा होता, त्यात एक ओळ, के बरोबर १ झाला की रिऍक्टर क्रिटिकल. के म्हणजे एका पिढीतल्या एका न्यूट्रॉनमागं (गाभा फोडणारा बारीक कण) पुढच्या पिढीत किती येतात तो आकडा. तिनं ती जाते त्या मोठ्या क्लासमध्ये विचारलं की १ म्हणजे तर जेवढ्याला तेवढं, मग त्याला क्रिटिकल का म्हणायचं, आणि स्फोट का होत नाही. उत्तर आलं, सीईटीला एवढंच येतं, फॉर्म्युला पाठ कर, पुढं चल. घरी आली ती हिरमुसून. आणि मला पण आठवलं, २०२० च्या जुलैत, लॉकडाऊनमध्ये, काकरापारच्या अणुवीज केंद्राची तिसरी भट्टी क्रिटिकल झाली अशी बातमी आली होती आणि मी बायकोला म्हटलेलं, अगं गुजरातेत काहीतरी झालंय. आपल्याकडं क्रिटिकल म्हटलं की केएलई हॉस्पिटलच्या आयसीयूच्या बाहेरचा बाकडाच डोळ्यासमोर येतो. नंतर कळलं की ती अभिनंदनाची बातमी होती! पण का अभिनंदन, ते कुणी सांगितलं नव्हतं.

तर बॅच. दुसऱ्या रेल्वे गेटपासून चालत पाच मिनिटं, एका घराच्या वरच्या मजल्यावरची खोली, आठ रविवार, सकाळी १० ते १२, फी १२०० रुपये. सर अणुवीज केंद्रातून रिटायर झालेत, आता सत्तरीच्या पुढं आहेत. वीसेक पोरं. पालकांना मागं बसायला पैसे नाहीत. मी पहिल्या दिवशी पोरीला सोडून परत निघालो होतो तर सर जिन्यातच भेटले, म्हणाले, "या की ओ, गाडी लावा आणि वर या, बाहेर उभं राहून काय करणार?" असा वर गेलो.

आणि पहिल्याच दिवशी टेबलावर चिंचोके! प्रत्येक टेबलावर सहा पोरं, प्रत्येकाकडं सहा चिंचोके आणि सहा फासे. सर म्हणाले चिंचोका म्हणजे न्यूट्रॉन. प्रत्येक चिंचोक्यासाठी एक फासा टाकायचा. १ किंवा २ पडला तर न्यूट्रॉन भट्टीबाहेर पळाला, चिंचोका डब्यात. ३ किंवा ४ पडला तर कुणीतरी गिळला, युरेनियम-२३८ नं (युरेनियमचा सहसा न फुटणारा प्रकार) किंवा नळीच्या धातूनं, तोही डब्यात. ५ पडला तर युरेनियम-२३५ चा गाभा फुटला, हा चिंचोका गेला आणि २ नवीन आले. ६ पडला तर ३ नवीन. खऱ्या फिशनमध्ये, म्हणजे गाभा फुटतो तेव्हा, सरासरी २.४ च्या आसपास न्यूट्रॉन निघतात म्हणून कधी २ कधी ३. एक फेरी म्हणजे एक पिढी.

आमच्या पोरीच्या टेबलावर ३६ नं सुरुवात झाली. पुढं ३१, मग २४, २२, १७, १५... दहाव्या फेरीला ५ उरले. सगळ्या टेबलांवर तसंच, कमीजास्त. मग सरांनी फळ्यावर हिशोब करायला लावला: सहा चिंचोके टाकले तर सरासरी एकाला ५, एकाला ६, म्हणजे २ आणि ३ मिळून ५ परत येणार. सहाचे पाच. के झाला ५ भागिले ६, ०.८३. याला सबक्रिटिकल म्हणायचं, वंश विझत जातो.

मग नियम बदलला, फक्त एकच. २ पडला तर न्यूट्रॉन पळाला नाही, भिंतीला आपटून आत आला, चिंचोका तसाच ठेवा. याला रिफ्लेक्टर म्हणतात. आता सहाचे सहाच. ३६, ३८, ३३, ३५, ३९, ३६... पोरं टाकतायत, मोजतायत, आणि आकडा कुठं जाईचना. एका टेबलावर २९ पर्यंत उतरला, एकावर ४१ झाला, पण विझला नाही की पसरला नाही. सर काही बोलले नाहीत, सात-आठ फेऱ्या नुसत्या होऊ दिल्या. मग म्हणाले, "बघा, हेच क्रिटिकल. गेले तेवढेच आले. भट्टी निवांत चाललीय." आणि टेबलावर जो आकडा डळमळतो तो आकडा लहान आहे म्हणून, खऱ्या भट्टीत न्यूट्रॉन इतके असतात की ही डळमळ दिसत पण नाही.

तिसऱ्या खेळात ३ पडला तरी चिंचोका ठेवायचा. के झाला ७ भागिले ६. दहाव्या फेरीच्या आधीच डब्यातले चिंचोके संपले आणि पोरं ओरडायला लागली. फरक केवढा केला होता? फाशाची एक बाजू.

पोरीनं तिचा तो प्रश्न इथंच विचारला. सरांनी जे सांगितलं ते मला आयुष्यभर पुरेल, म्हणून नीट लिहितो. के तुम्हाला पॉवर किती आहे ते सांगतच नाही. पॉवर वाढतेय, घटतेय की आहे तिथं आहे, एवढंच सांगतो. ३६ चिंचोक्यांवर पण के १ असतो आणि ३६ कोटींवर पण १ च असतो. शिकागोला २ डिसेंबर १९४२ ला दुपारी ३:२५ ला शास्त्रज्ञ एन्रिको फर्मीची, जगातली पहिली भट्टी क्रिटिकल झाली तेव्हा तिची पॉवर अर्धा वॅट होती, टॉर्चचा बल्बसुद्धा नीट पेटणार नाही एवढी. आणि आपल्या शेजारच्या कैग्याच्या अणुवीज केंद्रात एकेका युनिटमधून २२० मेगावॅट वीज निघते, तिथं पण स्थिर चालताना के १ च. मग पॉवर वाढवायची कशी, तर के थोडा वेळ १ च्या एक केसभर वर न्यायचा, पाहिजे तेवढी पॉवर झाली की परत १ वर आणून बसवायचा. रिक्षा चढाला लागली की रेस द्यायची आणि सपाटीला आली की सोडायची, तसं.

दुसऱ्या रविवारी परत चिंचोके, परत तो पहिलाच ०.८३ वाला खेळ, पण यावेळी प्रत्येक फेरीला सरांनी बाहेरून ६ चिंचोके आत टाकायला सांगितले. वंश तर विझणारा, तरी आकडा ६, ११, १५ असा चढत चढत गेला आणि ३६ च्या आसपास येऊन थांबला. टाकले ६, आत नांदतायत ३६, सहापट. हे मल्टिप्लिकेशन. हिशोब असा की १ मधून के वजा करायचा आणि त्यानं १ ला भागायचं. के ०.९ असेल तर १० पट, ०.९९ ला १०० पट, ०.९९९ ला १००० पट. म्हणजे भट्टी अजून बंदच आहे, स्वतःच्या पायावर उभी नाही, खरं बाहेरचा न्यूट्रॉन सोर्स ठेवला की ती किती जवळ आलीय ते काउंटरवर दिसतं. आणि त्या काउंटचा उलटा आकडा, म्हणजे १ भागिले काउंट, ग्राफवर मांडत गेलं की रेघ खाली खाली येते, ती रेघ पुढं वाढवली की कुठं शून्याला टेकणार ते आधीच कळतं! फर्मीच्या लोकांनी ग्रॅफाइटच्या विटांचे थर चढवताना हेच केलं होतं, ५७ वा थर बसला की काम होणार हे त्यांना आदल्या रात्रीच माहीत होतं. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी न्यूट्रॉन गिळणारे रॉड काढायला सुरुवात करून मधेच फर्मी म्हणाला, चला जेवायला. पोरं हसली, पण सर म्हणाले यात हसण्यासारखं काही नाही, ज्याचा हिशोब पक्का असतो तो वेळेवर जेवतो.

तिसरा रविवार कॅरमचा. खरोखर कॅरम बोर्ड आणला होता. फिशनमधून निघालेला न्यूट्रॉन सेकंदाला २० हजार किलोमीटरच्या घरात पळतो, आणि युरेनियम-२३५ ला फोडायला तो हळू पाहिजे, सेकंदाला २ किलोमीटरच्या आसपास. हळू कसा करायचा? स्ट्रायकर फळीला आपटला तर तेवढ्याच जोरात परत येतो, पण सोंगटीला समोरासमोर बसला तर जोर सोंगटीत जातो. म्हणून हलक्या गाभ्याला आपटवायचं. साध्या पाण्यात २० च्या आसपास टकरांत न्यूट्रॉन शांत होतो, जड पाण्यात (यातला हायड्रोजन दुप्पट जड असतो) ३५ च्या आसपास, ग्रॅफाइटमध्ये शंभराच्या वर. मग साधं पाणीच चांगलं की, असं एका पोरानं म्हटलं. नाही, कारण साधं पाणी न्यूट्रॉन गिळतं पण. खाणीतून निघतो त्या युरेनियममध्ये २३५ फक्त ०.७ टक्के, त्यात पाण्यानं पण हात मारला तर के १ ला पोचतच नाही. जड पाणी टकरा जास्त घेतं पण गिळत जवळजवळ नाही, म्हणून कैग्याच्या भट्ट्यांत जड पाणी आणि साधं, २३५ चं प्रमाण न वाढवलेलं युरेनियम. हे सांगताना एक पोरगी कन्नडमध्ये म्हणाली, "सर, अर्थ आगलिल्ला", म्हणजे कळलं नाही, तर सरांनी सगळं परत कन्नडमध्ये सांगितलं, आणि दुसऱ्यांदा ऐकताना मला पण जास्त कळलं.

चौथ्या रविवारचं तर मी कुणालाही सांगत सुटतो. विषय होता आकार. सर म्हणाले न्यूट्रॉन आत सगळ्या जागेत जन्मतात पण पळून जातात ते पृष्ठभागावरून, म्हणून भट्टी लहान असली की पळणारे जास्त. मी मागनं म्हटलं, सर, हे तर रायझरचं गणित आहे. रायझर म्हणजे कास्टिंग थिजताना त्याला वितळलेला धातू पुरवणारा जोडभाग. फौंड्रीत काम केलेल्यांना माहीत आहे, कास्टिंगचा पातळ भाग आधी थिजतो, जाड भाग शेवटी, कारण उष्णता आतल्या घनफळात आहे आणि जाते बाहेरच्या पृष्ठभागातून. आम्ही घनफळाला पृष्ठभागानं भागून मॉड्युलस काढतो आणि रायझरचा मॉड्युलस कास्टिंगपेक्षा जास्त ठेवतो म्हणजे तो शेवटपर्यंत वितळलेला राहून माल पुरवतो. सरांनी खडू खाली ठेवला, मला फळ्याजवळ बोलावलं आणि म्हणाले, तुम्हीच सांगा पोरांना. मी १० सेंटिमीटरचा ठोकळा आणि त्याच मापाच्या आठ ठोकळ्यांचा एक मोठा ठोकळा काढून दाखवला: घनफळ आठपट, पृष्ठभाग चौपटच. म्हणजे पळायला वाट निम्मी झाली. तेवढ्याच घनफळात गोलाचा पृष्ठभाग सगळ्यात कमी, म्हणून शिकागोचा तो ढीग पण गोलाकडं झुकणाराच रचला होता. माझी पोरगी पहिल्या बाकावर बसून ऐकत होती. बास, त्या दिवशी १२०० रुपये वसूल झाले.

पाचवा रविवार जरा कच्चा गेला. सहा घटकांचं सूत्र आहे, प्रत्येक टप्प्यावर किती न्यूट्रॉन वाचले ते गुणत जायचं आणि शेवटी के. सर भरभर गेले, नोट्सची झेरॉक्स हाताच्या अक्षरातली, त्यात ग्रीक अक्षरं, पोरं मागं पडली. हा भाग दोन रविवार घ्यायला पाहिजे होता. चिंचोक्यांवर जसा दाखवला तसा यावर पण एखादा खेळ असता तर बरं झालं असतं.

सहाव्या रविवारी जे कळलं ते मात्र बॅचचा गाभा. एक न्यूट्रॉन जन्मल्यापासून पुढचा जन्मायला हजारावा हिस्सा सेकंद धरा. के १.००१ झाला, १ च्या वर एक हजारांश. सेकंदात हजार पिढ्या, एका सेकंदात पॉवर २.७ पट, १० सेकंदांत जवळजवळ २२ हजार पट. कुठल्या माणसाचा हात एवढा चालणार? असं असतं तर भट्टी कुणी चालवूच शकलं नसतं. खरं निसर्गानं एक सोय ठेवलीय. युरेनियम-२३५ च्या फिशनमधले ०.६५ टक्के न्यूट्रॉन लगेच निघत नाहीत, फुटलेल्या तुकड्यांतून नंतर निघतात, कुणी अर्ध्या सेकंदानं, कुणी दहा सेकंदांनी, आणि ब्रोमिन-८७ वाले सगळ्यात मागं, त्यांचं अर्धायुष्य ५५ सेकंदांच्या आसपास. सरांचं उदाहरण: कारखान्यात हजार माणसं, ९९३ भोंग्याला हजर, बाकीचे सहा-सात खानापूरकडनं लेट पॅसेंजरनं येणार, आणि ते आल्याशिवाय लाइन सुरूच होत नाही. मग कारखान्याचा वेग कोण ठरवणार, ९९३ की ते सात? ते सात. भट्टी अशीच चालवतात की लगेच निघणाऱ्या न्यूट्रॉनांवर ती १ ला पोचतच नाही, उशिराचे आले की मगच १ भरतं. त्यामुळं पिढीची सरासरी लांबून ०.१ सेकंदाच्या घरात जाते, आणि तोच १.००१ आता सेकंदाला १ टक्का वाढ देतो. १० सेकंदांत १० टक्के. हे रॉडला आवरतं, माणसाला आवरतं.

म्हणजे १ पासून १.००६५ पर्यंत, एवढ्याच फटीत काम चालतं. त्याच्या वर गेलं की उशिराच्यांची वाट बघायची गरजच उरत नाही, याला प्रॉम्प्ट क्रिटिकल म्हणतात, आणि तिथं कधीच जायचं नाही. मी पुढच्या रविवारी दुकानातला मायक्रोमीटर घेऊन गेलो. १ मिलीमीटर म्हणजे के १ असं धरलं तर ही फट साडेसहा मायक्रॉन. केस घ्या, तो पन्नास-साठ मायक्रॉनच्या पुढं असतो. पोरांनी एकेक करून आपापले केस मोजले. ग्राइंडिंगला एवढा टॉलरन्स आला तर आमचा ऑपरेटर दोनदा हात पुसून माप घेतो, आणि तिकडं चोवीस तास तो सांभाळतात.

सातव्या रविवारी कैगा. खानापूर, रामनगर, जोयडा करत पुढं गेलं की काळी नदीच्या काठावर. तिथलं पहिलं युनिट १३ मे २०१६ ला सुरू झालं ते ३१ डिसेंबर २०१८ ला थांबवलं, सलग ९६२ दिवस, त्या वेळचा जगातला रेकॉर्ड. २०२० मध्ये कॅनडाच्या डार्लिंग्टननं तो मोडला, ती पण जड पाण्याचीच भट्टी. हा योगायोग नव्हे. न वाढवलेल्या युरेनियममध्ये के ची शिल्लक फार कमी, इंधन जळेल तसा के खाली सरकतो, म्हणून चालू भट्टीतच रोज थोडी थोडी इंधनाची बंडलं बदलत राहतात. ३०६ नळ्या, प्रत्येकीत १२ बंडलं आडवी, एका बाजूनं नवीन ढकलायचं आणि दुसऱ्या बाजूनं जुनं काढायचं. बाकीच्या बहुतेक भट्ट्या इंधनासाठी बंद कराव्या लागतात, ही नाही. इथं सरांचा आवाज बदलला होता, चाळीस वर्षांचं काम होतं त्यांचं.

याच दिवशी झेनॉन-१३५ पण घेतला, फिशनच्या तुकड्यांतून तयार होणारा वायू. भट्टी बंद केली की तो काही तास वाढतच जातो आणि न्यूट्रॉन अधाशासारखे गिळतो, के खाली ओढतो. पण चेर्नोबिलला पंधरा मिनिटंच मिळाली, ही माझी खरी तक्रार. २६ एप्रिल १९८६ ला कमी पॉवरवर झेनॉन साठला, तो भरून काढायला जवळजवळ सगळे रॉड बाहेर काढले, आणि त्या भट्टीत पाण्याची वाफ झाली की के कमी व्हायच्या ऐवजी वाढायचा, कारण न्यूट्रॉन हळू करायचं काम ग्रॅफाइट करतच होतं, गिळणारं पाणी तेवढं गेलं. मग ती प्रॉम्प्ट क्रिटिकलच्या आधीची फट ओलांडली गेली. पोरं जे घाबरून विचारतात ते हेच, याला एक अख्खा रविवार पाहिजे. सरांना सांगितलंय, पुढच्या बॅचला घेतो म्हणाले.

आठव्याला मी नव्हतो, दुकानात अर्जंट ऑर्डर होती. पोरीनं घरी येऊन सांगितलं की आफ्रिकेत गॅबॉनला ओक्लो म्हणून जागा आहे, १९७२ मध्ये तिथं सापडलं की सुमारे २०० कोटी वर्षांपूर्वी जमिनीतच आपोआप अणुभट्टी चालली होती. तेव्हा २३५ चं प्रमाण ३ टक्क्यांच्या वर होतं म्हणून साधं पाणी चाललं. पाणी झिरपलं की क्रिटिकल, तापून वाफ झाली की बंद, गार झालं की परत चालू. जेवता जेवता सांगत होती, भाकरी हातातच राहिली होती तिची.

अडचणी: जिना अरुंद आहे, वयस्कर पालकांना त्रास होईल. गाडी लावायला जागा नाही, मेन रोडलाच लावून या. लाइट गेली तर पंखा नाही, मार्च-एप्रिलची बॅच असेल तर पाण्याची बाटली घ्या. सीईटीचे एमसीक्यू इथं सोडवून घेत नाहीत, त्यासाठी दुसरीकडं जावं लागेल, ही बॅच समजण्यासाठी आहे. मराठी-कन्नड दोन्ही चालतं, टर्म सगळ्या इंग्लिशच.

माझ्याकडून पाचपैकी साडेचार स्टार, अर्धा झेरॉक्स आणि चेर्नोबिलसाठी कापला. पुढची बॅच दिवाळीनंतर. जाताना घरातले चिंचोके धुवून वाळवून घेऊन जा, सरांकडचे कमी पडतात, तिसऱ्या खेळात तर नक्कीच.